तज्ज्ञ उभे राहिल्यामुळे तहकूब झालेल्या मुलाखतीबाबत

प्रति,
मा. विशेष अधिकारी,
निवृत्त अध्यापक श्रेणी निवारण कक्ष,
(तात्पुरते कार्यालय) फर्निचर बाजार, पहिला मजला,
कॅम्प नं. ३, उल्हासनगर.

अर्जदार : सौ. द्रौपदी रामभाऊ ओव्हाळ, बेलवली, बदलापूर (पश्चिम).
प्रा. रामभाऊ ओव्हाळ, निवृत्त अधिव्याख्याता (पाली), यांच्या वतीने.

विषय : 'तज्ज्ञ हे माझे विद्यार्थी नाहीत' असे प्रतिज्ञापत्र मागू नये आणि प्रकरण अर्जदाराच्या असहकार्यामुळे बंद करू नये, याबाबत.

संदर्भ : १) मा. न्यायालयाचा आदेश. २) आपले शेवटचे पत्र, ज्यावर जावक क्रमांक आहे, दिनांक नाही. ३) माझे यापूर्वीचे अर्ज, ज्यांची पोच मिळाली, उत्तर नाही.

महोदय,

सविनय जयभीम.

१. 'सदर बाईंचा या प्रकरणाशी संबंध काय,' असे आपल्या कार्यालयाने मला विचारले आहे. प्रा. ओव्हाळ यांच्याशी माझे लग्न झालेले आहे. शिवाय प्रत्येक मुलाखतीच्या आदल्या दिवशी त्यांचा पांढरा शर्ट मीच नीळ घालून धुते. ते स्वतः अर्ज लिहीत नाहीत. त्यांचे म्हणणे, मास्तरने हजेरी घ्यावी, "मी आलोय, मी आलोय" करत हात वर करू नये. म्हणून मी लिहिते. त्यांचे अधिकारपत्र सोबत जोडले आहे. त्यातले माझे एक वाक्य त्यांनी सुधारले आणि मग सही केली. माझे शिक्षण सातवीपर्यंत, पुढचे गावातल्या वाचनालयातून. सरकारी मराठी मात्र मी आपल्या कार्यालयाच्या पत्रांवरूनच शिकले, तेव्हा या अर्जात भाषेची चूक आढळल्यास दोष उभयपक्षी धरावा.

२. आपण या खुर्चीवर नवीन आहात. आपल्या आधीच्या दोन्ही साहेबांची प्रकरण समजू लागताच बदली झाली, म्हणून थोडक्यात सांगते. सरांनी (घरातही मी त्यांना सरच म्हणते, सबंध कॉलनी म्हणते) उल्हासनगरच्या एका कॉलेजात एकतीस वर्षे पाली शिकवली. कारकीर्द प्रगती योजनेत असे आहे की, अधिव्याख्याता म्हणून ठराविक वर्षे भरली की निवड समितीने मुलाखत घ्यावी आणि माणसाला 'प्रपाठक' करावे. मुलाखतीला त्या विषयाचा एक तज्ज्ञ लागतो. सर नोकरीत असताना दरवर्षी कॉलेजने तज्ज्ञ मागितला आणि दरवर्षी 'पालीचा तज्ज्ञ उपलब्ध नाही' असे उत्तर आले. असे होता होता सर निवृत्त झाले. मग आपल्या कार्यालयाने कळवले की, निवृत्त माणसाची प्रगती करता येत नाही.

हे वाचून सर हसले. मी हसले नाही. शिक्षक संघटनेच्या मदतीने प्रकरण कोर्टात गेले. मा. न्यायालयाने सांगितले की, मुलाखत वेळेवर झाली नाही यात शिक्षकाचा दोष नाही, सबब ते आजही सेवेत आहेत असे समजून मुलाखत घ्यावी. म्हणजे मुलाखतीपुरते सर निवृत्त नाहीत. पहिल्या मुलाखतीला मी त्यांना डबा दिला होता, तो याच आदेशानुसार.

३. यात माझा काय जीव अडकला आहे, तेही सांगते. फरकाची रक्कम वगैरे आपली लेखा शाखा बघेल, त्यात मी पडत नाही. आम्ही बेलवलीत राहायला आलो तेव्हा इथे ग्रामपंचायत होती, तिची नगरपालिका झाली. अर्ध्या इंची नळाचा पाऊण इंची झाला. समोरचा गंगू कंपनीत हेल्पर होता, तो सुपरवायझर होऊन घरी बसला. सर मात्र लागले तेव्हा अधिव्याख्याता आणि सुटले तेव्हाही अधिव्याख्याता. निरोप समारंभाच्या तसबिरीवर तेच लिहिले आहे आणि ती तसबीर आमच्या टीव्हीच्या वर आहे. म्हणजे बातम्या बघताना रोज दिसते. कोर्टाचा निकाल लागला त्या दिवशी मी अंबरनाथ पूर्वेच्या पेंटरकडून दारावरची पाटी करून आणली : 'प्रा. रामभाऊ ओव्हाळ, प्रपाठक (निवृत्त), पाली.' सर म्हणाले, "मुलाखत होऊ दे, मग लाव." तेव्हापासून ती कपाटामागे आहे, भिंतीकडे तोंड करून, शिक्षा झालेल्या पोरासारखी.

४. पहिली मुलाखत. मी बाहेरच्या बाकावर होते. आपल्या कार्यालयाचे आतले दार प्लायवूडचे असल्याने सर्व ऐकू येते, आणि बिजागरी सैल असल्याने निम्मे दिसतेही. कार्यालय तात्पुरते म्हणून खुर्च्या खालच्या टेकचंदशेठच्या दुकानातून वर आणल्या होत्या. तज्ज्ञांसाठी काळी फिरती खुर्ची आली, वरचे प्लास्टिक न काढता. उमेदवाराची साधी खुर्ची अजून जिन्यातच होती. तज्ज्ञ म्हणून आले डॉ. मिलिंद जाधव. सर आत शिरताच ते ताडकन उभे राहिले.

अध्यक्ष म्हणाले, "डॉक्टर, बसून घ्या."

"सर बसले की बसतो."

सरांनी बसायला जागा शोधली. रिकामी खुर्ची एकच होती, ती मिलिंदने सरांकडे फिरवली. सर बसले. यात त्यांचा उद्धटपणा नव्हता, एकतीस वर्षांची सवय होती. समितीतले बाकीचे दोघे उठले की नुसते हलले, हे मला फटीतून नीट कळले नाही. मग मिलिंदने उभ्यानेच प्रश्न विचारला. तो इतका लांब होता की मध्ये अध्यक्षांचा फोन येऊन गेला.

सर म्हणाले, "मिलिंद, हा एक प्रश्न आहे की तीन?"

"तीन, सर."

"मग तीनदा विचार. कॉलेजातही तुझं हेच होतं. पुढच्या वेळी तयारी करून ये."

"हो, सर," म्हणून मिलिंदने बॅग उचलली आणि तो गेला. त्या दिवसाच्या इतिवृत्तात असे नोंदले आहे : 'उमेदवाराने तज्ज्ञास पुढील वेळी तयारी करून येण्यास सांगितल्याने मुलाखत तहकूब.' ही नोंद खरी आहे. माझी तिच्याबद्दल तक्रार नाही.

खाली उतरल्यावर टेकचंदशेठने विचारले, "भाभीजी, मास्तरजी पास?"

मी म्हटले, "नाही शेठ, परीक्षकच नापास."

"अरे साईं! वो सब छोडो, खुर्चीचा प्लास्टिक तर फाटला नाही ना? प्लास्टिक फाटला तो माल सेकंड."

५. दुसरी मुलाखत. आपल्या आधीच्या साहेबांनी या खेपेस फार काळजी घेतली. उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर, कल्याण ही नावे ज्यांच्या कागदपत्रांत कुठेही नाहीत, अशा तज्ज्ञ त्यांनी थेट विदर्भातून बोलावल्या. डॉ. यशोधरा मेश्राम. कॉलेज तिकडचे, पीएच.डी. तिकडची, सासरही तिकडचे. साहेबांना हे माहीत नव्हते की बाईंचे वडील अंबरनाथच्या कारखान्यात होते, आणि त्या परकरात असल्यापासून दर रविवारी विहारात सरांच्या फुकट वर्गाला यायच्या. तो वर्ग कुठल्याच कागदावर नाही.

पण बाई हुशार. मिलिंदचे काय झाले ते त्यांनी ऐकले होते. त्या खुर्चीत घट्ट बसून राहिल्या, सरांकडे मान वर करून बघितले नाही, कागदात बघून प्रश्न विचारले. सरांनी उत्तरे दिली. काही ठिकाणी बाईंनी अडवले. सर म्हणाले, "बरोबर, इथे माझं चुकलं." मी बाहेर बाकावर पर्स उघडून पेढ्याचा पुडा आहे ना, ते बघून घेतले.

शेवटी तज्ज्ञांनी भरायच्या तक्त्यात एक रकाना निघाला : 'उमेदवाराशी पूर्वपरिचय आहे काय? असल्यास स्वरूप.' बाईंचे पेन तिथे थांबले. आपल्या कार्यालयातील श्री. मधू हळूच म्हणाले, "मॅडम, 'नाही' लिहा ना. सगळे तेच लिहितात."

"सरांसमोर?" बाई म्हणाल्या.

आणि त्यांनी लिहिले, 'होय. मला वाचायला यांनी शिकवले.' मुलाखत रद्द झाली. पेढे मी श्री. मधू यांना दिले. त्यांचा सल्ला चुकीचा होता, पण मनापासून होता.

६. तिसरी मुलाखत. आता पालीचा तज्ज्ञ नकोच, जवळच्या विषयाचा चालेल, असे ठरले. संस्कृतचे निवृत्त प्राध्यापक हेमचंद्र करंदीकर, राहणार अंबरनाथ पूर्व, आले. त्यांची-सरांची जन्मात गाठ नव्हती. त्यांनी बसल्या बसल्या तोंड उघडले ते असे : "स्पष्टच बोलतो हं ओव्हाळ. पाली म्हणजे माझ्या मते बिघडलेलं संस्कृत."

मी बाहेर पदर खोचला. सर मात्र शांत.

"बिघडलेलं म्हणता, की चपला काढून घरात आलेलं?"

तिथून जे सुरू झाले ते थांबेना. अध्यक्षांनी दोनदा घड्याळ दाखवले. प्रा. करंदीकरांनी त्यांना हाताने थांबा म्हटले. चहा आला, गार झाला. अध्यक्ष निघून गेले, शिपाई पंखे बंद करून गेला, तरी दोघे घामाघूम होऊन बोलतच होते. शेवटी खाली टेकचंदशेठने शटर अर्धे ओढले आणि जिन्यातून ओरडले, "साईं, झगडा कल करना, मेरी खुर्ची नीचे भेजो!" तक्त्यात प्रा. करंदीकरांनी लिहिले, 'चर्चा अपूर्ण राहिल्याने गुण देता येत नाहीत.'

ती पूर्ण करायला ते पुढच्या रविवारी बेलवलीत आमच्या घरी आले. त्याच्या पुढच्या रविवारी वही घेऊन आले. महोदय, आता ते दर रविवारी येतात. वय अडुसष्ट, गुडघा दुखतो, मी खुर्ची पुढे केली तर म्हणतात, "नको वहिनी, वर्गात खुर्ची एकाचीच." आणि सतरंजीवर बसतात. त्यांच्या पत्नी माई मला फोन करून विचारतात, "अहो, आमचे हे गृहपाठ तरी करतात का हो?" मी सांगते, करतात, पण अक्षर वाईट आहे.

तात्पर्य, आपल्या कार्यालयाने आणलेला एकमेव त्रयस्थ तज्ज्ञही विद्यार्थी झाला. हे सरांनी मुद्दाम केले, असा आपल्या नस्तीत शेरा आहे. मुद्दाम करून असे कुणाचे होत नाही.

७. मधल्या काळात आपल्या कार्यालयाकडून 'कै. प्रा. ओव्हाळ यांचे वारस' अशा पत्त्याने एक पत्र आले, त्याचाही उल्लेख करते. मी चिडले. सर म्हणाले, "आपल्याकडे कै. लिहीत नाहीत, कालकथित लिहितात, एवढं त्यांना कळव. आणि पुढे पद काय घातलंय बघ." पुढे 'अधिव्याख्याता' होते. "म्हणजे मेल्यावरही नाही," असे म्हणून त्यांनी चष्मा पुसायला घेतला. त्यांचा चष्मा तेव्हा स्वच्छच होता.

८. आता आपले संदर्भ क्र. २ चे पत्र. आपण सुचवले आहे की, सरांनी मुद्रांकावर 'डॉ. मिलिंद जाधव, डॉ. यशोधरा मेश्राम व प्रा. हेमचंद्र करंदीकर हे माझे विद्यार्थी नाहीत व नव्हते' असे प्रतिज्ञापत्र द्यावे, म्हणजे अडचण दूर होईल आणि डॉ. मेश्राम यांनी घेतलेली मुलाखत ग्राह्य धरता येईल. महिनाअखेरपर्यंत ते न दिल्यास 'अर्जदाराचे असहकार्य' या कारणास्तव प्रकरण कायमचे दप्तरी दाखल होईल.

आपण हे सरांच्या भल्यासाठी सुचवले, हे मला कळते. इतक्या वर्षांत वाट दाखवणारे पत्र हे पहिलेच. म्हणून मी मुद्रांक आणला, नाक्यावर टाइप करून घेतला आणि सरांपुढे ठेवला. त्यांनी तो दोनदा वाचला.

"यावर सही केली की मिलिंद कोणाचा?"

मी म्हटले, "अहो, कागदावरच तर नाही म्हणायचं."

"कागदावरच तर शिकवलं सगळं."

मी म्हटले, तुमची पाटी कपाटामागे किती दिवस ठेवू? जाणाऱ्या-येणाऱ्याला काय सांगू? एवढ्या एका सहीने कुणाचे काय वाईट होणार आहे? संध्याकाळी वंदनेला बसलो तेव्हा पंचशीलातले चौथे, खोटे न बोलण्याचे, ते सर जरा मोठ्याने म्हणाले. आमचे भांडण एवढेच झाले, आणि त्यात मी हरले.

तरी मी मिलिंदला फोन केला. तो म्हणाला, "काकू, सरांना नका त्रास देऊ. मीच लिहून देतो की मी त्यांचा विद्यार्थी नाही." फोनची तार लांब नाही, सर शेजारीच होते. त्यांनी रिसीव्हर घेतला.

"दे लिहून. आणि मग माझ्या दारात येऊ नकोस."

रिसीव्हर खाली ठेवता ठेवता सरांनी तो परत कानाला लावला. म्हणाले, "ये रे. पण लिहू नकोस."

९. या सर्वाचा विचार होऊन माझी विनंती पुढीलप्रमाणे :

(अ) प्रतिज्ञापत्राची अट मागे घ्यावी. ते मिळणार नाही.

(आ) सरांचा विद्यार्थी नसलेला पालीचा तज्ज्ञ आपल्या पाहण्यात असल्यास जरूर बोलवावा. मात्र त्याला सरांसमोर फार वेळ बसू देऊ नये. प्रा. करंदीकरांचे काय झाले ते वर लिहिलेच आहे.

(इ) असा तज्ज्ञ नसल्यास जे आहेत त्यांनाच उभ्याने मुलाखत घेऊ द्यावी. तज्ज्ञाने बसलेच पाहिजे असा नियम मला आपल्या परिपत्रकात सापडला नाही. 'पूर्वपरिचय' हा रकाना आहे, तो खरा भरू द्यावा आणि खरा भरल्याबद्दल कुणाला रद्द करू नये.

(ई) कार्यालयात खुर्च्यांची अडचण असल्यास मुलाखत आमच्या घरी ठेवावी. स्टेशनवरून बेलवलीची रिक्षा मिळते, सरांचे घर कोणीही दाखवील. रविवार सोयीचा, कारण त्या दिवशी निम्मी समिती इथेच असते. घरात हाताची खुर्ची एक आहे, बाकी सतरंजी. कोणी कुठे बसावे, याचा आदेश आपण काढू नये, आपला आपण उलगडा होईल. आपणही यावे. येताना सोबत वही आणली नाही तरी चालेल, पहिल्या दिवशी सर कोरे कागद देतात.

१०. आणि यातले काहीच जमण्यासारखे नसेल, वरून दाब असेल, कोर्टाची तारीख असेल आणि प्रकरण बंदच करावे लागणार असेल, तर शेवटची एकच गोष्ट मागते.

कारणाच्या जागी 'अर्जदाराचे असहकार्य' असे लिहू नये. सर प्रत्येक मुलाखतीला वेळेच्या आधी हजर होते, धुतलेल्या शर्टात, आणि विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर त्यांनी दिले आहे. त्याऐवजी आपण जे घडले तेच लिहावे : 'पुष्कळ शोध घेऊनही या उमेदवाराचा विद्यार्थी नसलेला एकही तज्ज्ञ या कार्यालयास मिळाला नाही, सबब प्रपाठक पद देता येत नाही.' खाली आपली सही आणि कार्यालयाचा गोल शिक्का, जरा ठळक उमटेल असा.

तो कागद मी अंबरनाथच्या त्याच पेंटरकडे नेऊन काचेत बसवून घेईन आणि दारावर लावीन. कपाटामागची पाटी मग तिथेच राहिली तरी माझी काही हरकत नाही.

कळावे. उत्तर आले तर आनंद आहे, आपण स्वतः आलात तर चहाही आहे.

आपली नम्र,
(सही)
द्रौपदी रामभाऊ ओव्हाळ
बेलवली, बदलापूर (पश्चिम)
दिनांक : १२ नोव्हेंबर २००७

सोबत :
१) सरांचे अधिकारपत्र (त्यांच्या दुरुस्तीसह).
२) मा. न्यायालयाच्या आदेशाची प्रत.
३) तिन्ही इतिवृत्तांच्या प्रती.
४) टाइप केलेले प्रतिज्ञापत्र, बिनसहीचे. आपल्याकडेच ठेवून घ्यावे, घरात नको.

ता. क. : हा अर्ज सरांनी वाचला. परिच्छेद ४ मध्ये मिलिंदला 'परीक्षकच नापास' म्हटले आहे ते काढून टाक, असे त्यांनी सांगितले. "नापास नाही, पुढच्या वेळी येणार आहे," म्हणाले. पण अर्ज लिहून पूर्ण झाला होता, म्हणून ही दुरुस्ती इथे नोंदवली आहे.